वारस दाखल्यात नसलेली आत्या

सीबीडी बेलापूर ज्या शेतजमिनींवर उभे राहिले त्या १९७० नंतर सिडकोच्या नवी मुंबई प्रकल्पासाठी संपादित झाल्या, आणि या संपादनावरून झालेल्या १९८४ च्या जासई आंदोलनात पाच शेतकरी गोळीबारात मृत्युमुखी पडल्यानंतर, पुढे १९९० च्या दशकात साडेबारा टक्के योजना, म्हणजे संपादित क्षेत्राच्या त्या प्रमाणात विकसित भूखंड मूळ खातेदाराला परत देण्याची व्यवस्था, अमलात आली. तोवर अनेक खातेदार वारले होते. म्हणून वारस दाखला, म्हणजे मृताचे कायदेशीर वारस कोण हे सांगणारे न्यायालयाचे प्रमाणपत्र, आवश्यक ठरले. हिंदू उत्तराधिकार कायदा १९५६ पासूनच मुलीला वारस मानत असूनही कित्येक अर्जांत केवळ भावांची नावे लिहिली गेली. 'ती दिल्या घरी गेली' एवढे कारण पुरेसे वाटे.

अशा घरातील लेकीपुढे जेव्हा हक्कसोडपत्र, म्हणजे आपला हिस्सा सोडल्याचा नोंदणीकृत दस्त, सहीसाठी येते, तेव्हा जुने कागद चाळताना तिला आत्याचे नाव कुठेच दिसत नाही, आणि गौरी-गणपतीला आत्याने येणे का थांबवले हेही त्याच वेळी उमगते. तिला बोचते ते भूखंडाचे मोल नसून, वडिलांनी बहिणीला वगळले व तेच आता मुलीशी चालवले आहे, हे.

या अनुभवातून गेलेल्या कुटुंबांवरून एवढे सांगता येते, की फेरफार, वारस दाखल्याचा मूळ अर्ज आणि भूखंडाचा करारनामा यांच्या प्रमाणित प्रती हाती येईपर्यंत लेकीने सही करू नये. मात्र पहिल्याच दिवशी वकिलाची नोटीस पाठवणेही शहाणपणाचे नाही, कारण कागद कोणाला वगळले ते दाखवतो, का वगळले ते जाणणारा साक्षीदार बहुधा वडीलच असतात आणि नोटिशीनंतर ते तोंड मिटतात. वडिलांनीही 'घरात शांतता राहावी' ही सबब सोडून गोष्ट स्वतः सांगावी. परक्याकडून कळलेली तीच गोष्ट लेकीला फसवणूक वाटते, आणि तसे वाटण्यात तिचे फारसे चुकत नाही. सही आधीच होऊन गेली असेल, तर फसवणूक कळल्यापासून तीन वर्षांची मुदत दस्त रद्द करण्याच्या दाव्याला लागू होते.

हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने व विनीता शर्मा खटल्यातील सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या निकालाने वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा जन्मसिद्ध हक्क पक्का केला आहे. तरी वाटपाच्या दाव्यात सर्व हिस्सेदार पक्षकार असावे लागतात, त्यामुळे स्वतःचा वाटा मागणाऱ्या लेकीला आधी आत्याचे दार ठोठावावे लागते.