फुलस्क्रीन नक्को

काचीगुड्याच्या आमच्या घरात कॉम्प्युटर आला तो २००० साली. बाबांनी तो सिकंदराबादच्या पार्क लेनवरच्या चेनॉय ट्रेड सेंटरमधून सुटे भाग जुळवून घेतला आणि रिक्षात मांडीवर धरून आणला. पंधरा इंची, पाठीला कुबड असलेला मॉनिटर आणि विंडोज ९८. दुकानदाराने जाता जाता "बच्चों के लिए" म्हणून प्रिन्स ऑफ पर्शिया टाकून दिला होता. बाबांच्या मते कॉम्प्युटर एमसेटच्या, म्हणजे प्रवेशपरीक्षेच्या, तयारीसाठी होता. तयारी झाली ती वेगळ्याच गोष्टीची.

आज मी गचीबावलीत सॉफ्टवेअर तपासायचं काम करते. घरी अजूनही गेम खेळते, आणि दहातल्या नऊ वेळा पूर्ण पडद्यावर नाही, खिडकीत. ऑफिसातली पोरं हसतात. त्यांच्यासाठी हे.

१. आधी आल्ट-एंटर, मग राजपुत्र

हे ज्ञान वरच्या मजल्यावरच्या मुलाने दिलं. तो नेट कॅफेत बसणारा, म्हणजे आमच्या लेखी पीएचडी. माझा धाकटा भाऊ राजपुत्राला खड्ड्यावरून उडी मारायला लावत होता, एवढ्यात हा म्हणाला, "नक्को रे, फुलस्क्रीन नक्को. मामू आए तो क्या करते?" आणि त्याने आल्ट दाबून एंटर दाबला. काळाकुट्ट पडदा आक्रसून टीचभर चौकोन झाला, मागे डेस्कटॉप दिसायला लागला. गेम चालूच, जरासा मंद. आम्ही बहीणभाऊ थक्क.

जॉर्डन मेकनरच्या १९८९ सालच्या त्या गेममध्ये राजकन्येला सोडवायला ६० मिनिटं मिळतात. आम्हाला मिळायची ती बाबांची चेतक गल्लीच्या तोंडाशी फुरफुरेपर्यंत. स्कूटरचा आवाज, आल्ट-एंटर, खिडकी खाली, वर्डची फाईल वर. ही हातचलाखी मला एमसेटच्या सूत्रांपेक्षा जास्त पाठ होती.

२. लपण्यासाठी खिडकी वापरू नका. जमत नाही.

एज ऑफ एम्पायर्स आला तेव्हा कळलं की प्रत्येक गेम आल्ट-एंटर मानत नाही. तो पडदा ताब्यात घ्यायचा. मॉनिटरमधून 'टक्' असा आवाज यायचा, क्षणभर अंधार, आणि ८०० बाय ६०० चा पडदा ६४० बाय ४८० व्हायचा. बंद केला की पुन्हा टक्. आम्हाला वाटायचं, झालं, जसं होतं तसं झालं. पण पडदा लहान झाल्यावर उजव्या कडेची जी चित्रं त्यात मावायची नाहीत, ती विंडोज डावीकडे सरकवून ठेवायचं. बाबांनी त्यांच्या हिशेबाची फाईल उजव्या कोपऱ्यात एकटी ठेवली होती. ती रोज संध्याकाळी गर्दीत जाऊन बसलेली असायची.

बाबा एका शब्दाने बोलले नाहीत. खुर्चीवर बसायचे, फाईल धरून परत उजव्या कोपऱ्यात नेऊन ठेवायचे, मग चहा मागायचे. हे त्यांनी मला माझी पहिली नोकरी लागल्यावर सांगितलं, तेही हसत. तोवर आम्ही स्वतःला फार हुशार समजत होतो.

३. खिडकी ओढल्यावर काय वाढतं ते आधी बघा

हा सगळ्यात कामाचा धडा, म्हणून जरा सविस्तर. 'खिडकी लहानमोठी करता येते' या एका वाक्यात तीन वेगवेगळ्या गोष्टी दडलेल्या असतात.

पहिली जुन्या सॉलिटेअरची. कोपरा धरून ओढला की हिरवं टेबल वाढायचं, पत्ते तेवढेच राहायचे. दुसरी एज ऑफ एम्पायर्स २ ची: तिथे पडदा जितका मोठा, तितका जास्त मुलूख एका वेळी दिसतो आणि माणसं बारीक होतात. म्हणजे मोठा पडदा असणाऱ्याला शत्रू आधी दिसतो. हा सरळसरळ फायदा आहे, आणि भाऊ तो मान्य करत नाही. तिसरी राजपुत्राची. त्याचं चित्र ३२० बाय २०० ठिपक्यांचं, खिडकी कितीही ओढा, ठिपके तेवढेच, फक्त जाड होतात.

या तिसऱ्या प्रकारात एक मेख आहे. ३२० बाय २०० चं चित्र जुन्या ४:३ मॉनिटरवर पडदाभर पसरायचं, म्हणजे प्रत्येक ठिपका रुंदीपेक्षा उंच दिसायचा. आजच्या चौरस ठिपक्यांवर ते तसंच मांडलं की राजपुत्र बसका दिसतो, जसं काही कुणी डोक्यावर हात ठेवून दाबलंय. जुने डॉस गेम चालवणाऱ्या डॉसबॉक्समध्ये 'ॲस्पेक्ट' चालू केलं की त्याची उंची परत येते. पण मग आडवे ठिपके अडीचपट आणि उभे तीनपट, असला हिशेब होतो आणि भिंतीच्या विटा एक जाड, एक बारीक दिसतात. आडवे नेमके ५ पट आणि उभे नेमके ६ पट केले तर सगळं साफ बसतं, पण त्याला १६०० बाय १२०० ची जागा लागते. माझ्या तेव्हाच्या १३६६ बाय ७६८ च्या लॅपटॉपवर कुठून आणायची? मी ८०० बाय ६०० वर समाधान मानलं. विटा वाकड्या तर वाकड्या.

आणखी एक: डॉसबॉक्सच्या जुन्या ०.७४ आवृत्तीत खिडकीचा कोपरा धरून ओढताच येत नाही. आकार फाईलमध्ये लिहावा लागतो, आणि 'आउटपुट' समोर 'सरफेस' असेल तर लिहिलेलंही तो ऐकत नाही, 'ओपनजीएल' करावं लागतं. माझी एक अख्खी रविवार दुपार यात गेली. नव्या डॉसबॉक्स स्टेजिंगमध्ये ओढता येतं.

ऑफिसातला एक तेलुगू मुलगा फावल्या वेळात युनिटीमध्ये स्वतःचा गेम बनवतो. त्याने मला तपासायला दिला. मी सवयीने खिडकी उभी, अरुंद, पट्टीसारखी केली. गेम सुरू करायचं बटण पडद्याबाहेर निघून गेलं, बंद करायचं तेवढं राहिलं. तो म्हणाला, "एवढं कोण ओढतं अक्का?" मी म्हटलं, "ज्याच्या शेजारी हिशेबाची फाईल उघडी असते, तो."

४. घड्याळ

२०२१ साली आईच्या उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. ती माझ्याकडे होती. दर दोन तासांनी एक थेंब, आणि थेंबांच्या बाटल्या दोन, त्यामुळे मी सगळं वेळापत्रक कॉम्प्युटरच्या कॅलेंडरमध्ये टाकलं. वेळ झाली की कोपऱ्यात सूचना येणार, आवाज होणार. टेस्टर बाईचं काम, त्यात चूक कशी असेल?

शनिवारी दुपारी चारचा थेंब घातला आणि मी एज ऑफ एम्पायर्स २ ची २०१९ साली आलेली नवी आवृत्ती लावली. त्या दिवशी पूर्ण पडद्यावर, कानाला हेडफोन. पहिला किल्ला उभा राहिला, समोरच्याचे हत्ती आले, मी भाले लावले. हेडफोन काढला तेव्हा खिडकीबाहेर दिवे लागले होते. सात वाजून गेले होते.

आई मागे पलंगावर बसली होती. हातात टिश्यूची घडी, मान जरा वर, थेंब घालायला सोयीची अशी. किती वेळ अशी बसली होती कोण जाणे. "अगं, हाक नाही मारायची?" तर म्हणाली, "मारली की एकदा. मला वाटलं ऑफिसचं काही चाललंय."

रात्री बसून शोधलं. विंडोज १० मध्ये गेम पूर्ण पडद्यावर असला की सूचना आपोआप दाबून ठेवायचा एक नियम असतो. खेळणाऱ्याला त्रास नको म्हणून केलेला. सेटिंगमध्ये जाऊन तो बंदही करता येतो. मी कधी ते पान उघडलंच नव्हतं, दोष माझाच. पण मला लागलं ते वेगळं. समजा सूचना आलीच नाही, तरी रोज मी कोपऱ्यातल्या घड्याळाकडे येताजाता बघतेच. त्या दिवशी तीन तास माझ्यासमोर घड्याळ नव्हतं. पूर्ण पडदा पहिला घास घेतो तो घड्याळाचा.

तेव्हापासून माझी खिडकी कधीच तळापर्यंत जात नाही. घड्याळाची पट्टी उघडी ठेवते. हेडफोन एकाच कानाला. आईचा डोळा नीट बरा झाला, डॉक्टर म्हणाले एका थेंबाने काही बिघडत नाही. मला ते ऐकून बरं वाटलं नाही.

५. टायटल बार धरून ठेवू नका

खिडकी सरकवायला वरची पट्टी माउसने धरली की पुष्कळ जुने गेम जागच्या जागी थिजतात, सोडेपर्यंत. एकटे खेळत असाल तर हा फुकटचा पॉज. जाळ्यावर खेळत असाल तर थिजता फक्त तुम्ही. समोरचे नाहीत.

६. मे महिन्यात ७२०

हैदराबादेत मे महिन्यात पारा चाळिशी ओलांडतो आणि माझ्या लॅपटॉपचा पंखा दुपारी कुकरसारखा सुटतो. १९२० बाय १०८० चा पडदा म्हणजे दर फ्रेमला २० लाख ७३ हजार ६०० ठिपके रंगवायचे. १२८० बाय ७२० ची खिडकी म्हणजे ९ लाख २१ हजार ६००. निम्म्याहून कमी. लॅपटॉप मांडीवर ठेवता येतो की नाही, इतका फरक. वीज गेल्यावर बॅटरीही जास्त पुरते. याहून जास्त सांगण्यासारखं काही नाही, करून बघा.

७. रंग उडाले तर घर मोडू नका

जुना एज ऑफ एम्पायर्स २ विंडोज ७ वर लावला तेव्हा पाणी लाल आणि गवत जांभळं झालं. कारण साधं होतं. तो गेम २५६ रंगांच्या एकाच पेटीतून रंगवतो, आणि मागे चालू असलेला डेस्कटॉप त्याच पेटीत हात घालतो. तेव्हा सगळे सांगायचे, टास्क मॅनेजरमधून 'एक्सप्लोरर' मारून टाका. मारला की रंग परत येतात खरे, पण डेस्कटॉप, चित्रं, खालची पट्टी, सगळं नाहीसं. खेळण्यासाठी घर रिकामं करायचं! भाऊ वर्षभर तसाच खेळला.

नंतर सीएनसी-डीड्रॉ आणि डीजीवूडू ही दुभाषी सॉफ्टवेअरं हाताला लागली. गेम जुन्या डायरेक्टड्रॉच्या भाषेत बोलतो, ही ते आजच्या ग्राफिक्स कार्डाला समजेल असं करून सांगतात. रंग जागेवर येतात आणि वर हवी तर खिडकीही मिळते. ज्याने खिडकी कधी पाहिलीच नव्हती अशा गेमला खिडकीत बसलेलं बघताना मला उगीच मौज वाटते.

८. भावाचं म्हणणं

भाऊ काउंटर-स्ट्राइकवाला. त्याचा आरोप असा की खिडकीत गोळी उशिरा सुटते. हा निव्वळ गैरसमज नाही. विंडोज व्हिस्टापासून सगळ्या खिडक्या एकत्र जुळवून मग पडद्यावर मांडणारी व्यवस्था आली, आणि विंडोज ८ पासून ती बंद करता येत नाही. त्या जुळवणीत एखादी फ्रेम मागे पडायची. ६० हर्ट्झच्या पडद्यावर एक फ्रेम म्हणजे साधारण १६.७ मिलिसेकंद. पण अलीकडच्या गेमना ती वाट टाळता येते. विंडोज ११ मध्ये तर ग्राफिक्सच्या पानावर खिडकीतल्या गेमसाठी वेगळं ऑप्टिमायझेशनच दिलंय, डायरेक्टएक्स १० आणि ११ च्या गेमना ते लागू पडतं.

मी त्याला हे सगळं सांगितलं. तो म्हणाला, "ताई, मला जाणवतं." असेल. सोळा मिलिसेकंदांत मला काही जाणवत नाही, आणि मी हरते ती इतर कारणांनी. त्याच्यासाठी मधला मार्ग आहे: बिनचौकटीची खिडकी. दिसते पूर्ण पडद्यासारखी, पण आल्ट-टॅब केल्यावर पडदा काळा होत नाही. मला ती आवडत नाही. तिलाही घड्याळ नाही.

९. अपवाद

मागच्या दिवाळीत भाऊ पुण्याहून आला. फराळ झाल्यावर त्याने लॅपटॉप टीव्हीला जोडला आणि डॉसबॉक्समध्ये राजपुत्र लावला, पूर्ण पडद्यावर, अगदी माझ्या नाकावर टिच्चून. मी काही म्हटलं नाही, दिवाळी होती. आई चष्मा लावून समोर बसली. भाऊ तिसऱ्या टप्प्यावर पोहोचला, जिथे हाडांचा सापळा उठून तलवार काढतो.

तेवढ्यात गल्लीत कुणाची तरी जुनी टू-स्ट्रोक स्कूटर फुरफुरली. बाबांना जाऊन नऊ वर्षं झाली, चेतक त्याआधीच विकलेली. भावाची बोटं आपसूक गेली. आल्ट, एंटर. टीव्हीच्या मधोमध हाताएवढा चौकोन, त्यात राजपुत्र आणि सापळा, मागे त्याच्या ऑफिसच्या मेल.

"आता कशाला लहान केलंस रे?" आई म्हणाली. "मला दिसत नाही."