मोरीस झोबेर : संयमी संगीतकार

चित्रपटसंगीत म्हटले की आपल्याला गाणी आठवतात. पार्श्वसंगीताकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. गेलेच तर बहुधा ते फार मोठ्याने वाजते म्हणून! पार्श्वसंगीताने कोठे गप्प बसावे, हे मला मोरीस झोबेर या फ्रेंच संगीतकारामुळे प्रथम उमगले.

झोबेरचा जन्म १९०० साली नीस येथे झाला. कायद्याचे शिक्षण घेऊनही तो अखेर संगीताकडेच वळला. पडद्यावर जे दिसते तेच वाद्यांनी पुन्हा सांगावे, हे त्याला मान्य नव्हते. प्रेक्षक चित्रपटगृहात संगीत ऐकायला येत नाही, असे त्याचे मत होते.

म्हणून त्याचे संगीत फिके होते असे मात्र नव्हे. जाँ विगोच्या ‘झेरो द काँदुईत’ (१९३३) या चित्रपटात शाळेच्या वसतिगृहातील मुले बंड करतात. उशांची पिसे उधळतात आणि संथ गतीने त्यांची मिरवणूक निघते. या प्रसंगासाठी झोबेरने चाल शेवटापासून आरंभाकडे वाजवून घेतली व ते ध्वनिमुद्रण उलटे फिरवले. त्यामुळे चाल सुलटी झाली. परंतु प्रत्येक स्वर हळूच फुगून एकदम तुटू लागला. स्वप्नाचा हा भास साध्या वादनाने साधला नसता. मार्सेल कार्नेच्या ‘ल झूर स लेव्ह’मध्ये (१९३९) कोंडलेल्या नायकाची घालमेल तर तो नगाऱ्याच्या मोजक्या ठोक्यांतून व्यक्त करतो.

अशा कलावंताच्या वाट्याला उपेक्षाही आली. विगोच्या ‘लातालाँत’मध्ये (१९३४) वितरकांनी काटछाट केली, एक लोकप्रिय गाणे घुसडले आणि चित्रपटाला त्या गाण्याचेच नाव दिले. त्याच वर्षी विगो वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी वारला. पुढे महायुद्धात झोबेर सैन्यात गेला आणि जून १९४० मध्ये, फ्रान्सच्या शस्त्रसंधीला काही दिवसच उरले असताना, रणांगणावर कामी आला.

पण त्याचे संगीत मागे उरले. फ्रान्स्वा त्रुफोने १९७५ ते १९७८ या काळात आपल्या चार चित्रपटांसाठी नवे संगीत करवून न घेता झोबेरच्याच जुन्या रचना वापरल्या. पस्तीस वर्षांपूर्वी गेलेल्या माणसाचे स्वर नव्या चित्रांना शोभले, याचे कारण माझ्या मते एकच : ते चित्राच्या पुढे पुढे करीत नाहीत. यापुढे चित्रपट पाहताना आपणही संगीत कोठे थांबते याकडे कान द्यावा, एवढेच माझे वाचक मित्रांना सांगणे आहे.