विचाराचे चित्रण : सार्त्र आणि मुक्तिबोध

लेखकाचे घर, मेज, चष्मा आणि हस्ताक्षर कॅमेऱ्याला दाखविता येते. त्याचा विचार कसा दाखवावयाचा, हा लेखकविषयक अनुबोधपटापुढील खरा प्रश्न होय. आलेक्सांद्र आस्त्र्युक या फ्रेंच दिग्दर्शकाने १९४८ साली कॅमेऱ्याला लेखणीची उपमा दिली, आणि आजचा देकार्त आपले तत्त्वचिंतन चित्रफितीवरच लिहील, असे प्रतिपादन केले. पुढे याच आस्त्र्युकने मिशेल कोन्ता याच्यासह सार्त्रवर अनुबोधपट केला. त्याचे चित्रण १९७२ मध्ये झाले. तो १९७६ मध्ये प्रदर्शित झाला. त्यात मात्र कॅमेरा लिहीत नाही, ऐकतो. सिमोन द बोव्हार, आंद्रे गोर्झ आदी निकटवर्ती भोवती बसले आहेत. त्यांच्या प्रश्नांना उत्तरे देता देता सार्त्र स्वतःच्या आयुष्याचा हिशेब मांडतो. विचार येथे एकट्याचा उरत नाही. तो संवादातून घडतो.

गजानन माधव मुक्तिबोध (१९१७–१९६४) यांच्या बाबतीत अशी संधी कोणी साधली नाही. त्यांची मातृभाषा मराठी, लेखन हिंदीत. धाकटे बंधू शरच्चंद्र मराठीचे कवी. जबलपूरशी मुक्तिबोधांचा संबंध दुहेरी होता. नागपूरला जाण्यापूर्वी काही काळ ते येथे शिक्षक होते. पुढे हरिशंकर परसाई यांच्या संपादनाखाली येथून निघणाऱ्या ‘वसुधा’त त्यांची ‘एक साहित्यिक की डायरी’ प्रसिद्ध होत होती. नाव ‘डायरी’ असले, तरी तिच्यातील ‘तीसरा क्षण’ या प्रसिद्ध प्रकरणाची घडण संवादाची आहे. केशव नावाचा मित्र तेथे कलेचे तीन क्षण मांडतो : उत्कट अनुभवाचा पहिला, अनुभव आपल्या दुखऱ्या मुळांपासून सुटून कल्पनारूप होण्याचा दुसरा, आणि ते रूप शब्दांत उतरताना स्वतःच पालटत जाण्याचा तिसरा.

मणी कौल यांचा ‘सतह से उठता आदमी’ (१९८०) हा रूढ अर्थाने अनुबोधपट नव्हे. तथापि मुक्तिबोधांचा जीवनक्रम सांगण्याऐवजी त्याने त्यांचे गद्यपद्य रमेश, माधव आणि केशव या पात्रांच्या मुखी घातले. लेखक हयात नसता त्याच्या संहितेलाच संवाद करावयास लावणे, हा मार्ग त्या तिसऱ्या क्षणाशी सुसंगत आहे. चित्रपट विचाराची नक्कल करीत नाही. त्याला नवे रूप देताना तो बदलतो, आणि हा बदल लपवीतही नाही.

दोन्ही चित्रपटांची तुलना करता एक उणीव मात्र भरून निघत नाही. सार्त्रचे अडखळणे, हसणे, मित्राने टोकताच थांबणे आज पाहता येते. मुक्तिबोधांच्या घरी दोन भाषांतून झालेली बोलणी कोणत्याही चित्रपटाला परत आणता येणार नाहीत. म्हणून आज हयात असलेल्या लेखकांचे चित्रण करताना सत्काराची भाषणे पुरेशी नाहीत. त्यांच्याशी मतभेद असणारा एखादा केशवही त्या खोलीत बसविला पाहिजे.