पांढऱ्या पट्ट्याची रानमाशी

माशी म्हटली की घरातील अन्नावर बसणारी माशी तेवढी आपल्याला आठवते. परंतु शास्त्रज्ञांनी माश्यांच्या एक लाखाहून अधिक जातींची नोंद केलेली आहे. त्यांतील एखादी जात नेमकी कशी ओळखावी, हे प्रस्तुत लेखात आम्ही एका उदाहरणाने सांगणार आहोत. हे उदाहरण युरोपातील अरण्यांचे आहे. ही माशी आपल्या गावच्या बागेत दिसणार नाही. पण तिला ओळखण्याची रीत आपल्याही उपयोगी पडेल.

या माशीचे शास्त्रीय नाव व्होल्युसेला पेल्युसेन्स. स्वीडनचे थोर निसर्गशास्त्रज्ञ लिनीयस यांनी १७५८ साली तिचे वर्णन केले. 'पेल्युसेन्स' या लॅटिन शब्दाचा अर्थ 'पारदर्शक' असा आहे. ते नाव का पडले, ते पुढे कळेल.

प्रथम आपल्यापुढील कीटक माशीच आहे की मधमाशी अथवा गांधीलमाशी, हे ठरविले पाहिजे. नावात 'माशी' असली तरी मधमाशी आणि गांधीलमाशी या खऱ्या माश्या नव्हेत. त्यांना पंखांच्या दोन जोड्या असतात. खऱ्या माशीला एकच जोडी असते आणि दुसऱ्या जोडीच्या जागी टोकाला गाठ असलेल्या दोन लहान दांड्या असतात. उडताना तोल सांभाळणे हे त्यांचे काम. या कसोटीने पाहता डाससुद्धा माश्यांच्याच गणात येतो.

दुसरी पायरी कुळाची. आपली रानमाशी हवेत एकाच जागी तरंगत राहणाऱ्या माश्यांच्या कुळातील आहे. या कुळातील माश्यांच्या पंखात नेहमीच्या शिरांखेरीज एक खोटी शीर दिसते; ती दुसऱ्या कोणत्याही शिरेला नीटशी जोडलेली नसते.

तिसरी पायरी जातीची. ही माशी सुमारे दीड सेंटिमीटर लांब, अंगाने रुंद व काळीभोर असते. पोटाच्या पुढील भागावर हस्तिदंती पांढरा रुंद पट्टा असतो. मागून ऊन पडले की त्यातून प्रकाश आरपार येतो. म्हणून ती 'पारदर्शक'. पंखांच्या मध्यभागी काळसर डाग असतो. उन्हाळ्यात अरण्यातील वाटेवर, माणसाच्या डोक्याएवढ्या उंचीवर, नर एका जागी तरंगत असतो. नराचे दोन्ही डोळे माथ्यावर एकमेकांना भिडलेले असतात; मादीच्या डोळ्यांमध्ये अंतर असते.

एवढ्यावरून नाव सांगून मोकळे व्हावे काय? नाही. ल्यूकोझोना ल्यूकोरम नावाची दुसरी एक रानमाशीही काळी असून तिच्या पोटावर तसाच फिकट पट्टा आणि पंखावर तसाच डाग असतो. मात्र ती आकाराने लहान असते. तिच्या पाठीच्या शेवटी असलेली ढालीसारखी चकती पिवळसर असते; आपल्या माशीची ती गडद असते. शिवाय आपल्या माशीच्या मिशांवरील केस पिसासारखा फाटे असलेला असतो, दुसरीचा साधा असतो. यावरून एक नियम शिकावा : ठळक खूण शोधाची दिशा दाखविते; निर्णय मात्र अनेक खुणा मिळाल्यावरच द्यावा.

हाच नियम कीटकाच्या वर्तनालाही लागू पडतो. या माशीची मादी जमिनीखालील गांधीलमाश्यांच्या पोळ्यात अंडी घालते. एवढेच ऐकणारा तिला चोर किंवा घातकी म्हणेल. प्रत्यक्षात तिच्या अळ्या पोळ्याच्या तळाशी साचलेली घाण व मेलेल्या गांधीलमाश्या खाऊन वाढतात. याच वंशातील एका पट्टेरी जातीच्या अळ्यांचे निरीक्षण फ्रान्सचे कीटकनिरीक्षक फाब्र (१८२३–१९१५) यांनी केले. गांधीलमाश्या त्या अळ्यांना पोळ्यात सुखाने वावरू देतात, असे त्यांना आढळले. त्या अळ्या पोळ्याच्या सफाईकामगार आहेत, असे त्यांनी लिहून ठेवले. परंतु म्हणून सर्व बहिणींना निर्दोष ठरविणेही चूकच. व्होल्युसेला इनॅनिस या जातीची चपटी अळी पोळ्याच्या घरात शिरून गांधीलमाशीच्या अळीवरच उपजीविका करते. एकाच वंशातील एक झाडूवाली, तर दुसरी भक्षक! म्हणूनच जातीचे नाव अचूक असणे अगत्याचे आहे. नाव चुकले की त्यापुढील सर्व माहितीही चुकते.

विद्यार्थिमित्रांनो, हिवाळ्यात कोथिंबीर फुलावर आली म्हणजे तिच्यापाशी थोडा वेळ शांत उभे राहा. पिवळ्या-काळ्या पट्ट्यांचे लहान कीटक हवेत स्थिर तरंगताना दिसतील. त्यांना मारू नका, पकडूही नका. पंख किती, डोळे कसे, मिशा लांब की आखूड, हे पाहा आणि दिनांकासह वहीत लिहा. यांतील पुष्कळ माश्यांच्या अळ्या पिकावरील मावा खाऊन शेतकऱ्याला साहाय्य करतात. गांधीलमाशी समजून त्यांना चिरडणारा मनुष्य आपल्याच मित्राचा जीव घेतो. नीट पाहणे ही विज्ञानाची पहिली पायरी आहे. तिला ना प्रयोगशाळा लागते, ना पैसा.