गडावर रेंज नसेल तर

प्रश्न : सोलापुरात अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात आहे. सुट्टीत चौघे हरिश्चंद्रगडावर निघालोय. रेंज गेली तर?

उत्तर : जाणारच, असं धरून निघा. जीपीएस थेट उपग्रहांवर चालतं, त्याला सिम लागत नाही. नकाशा मात्र सोलापुरातच डाउनलोड करा. रेंज शोधता शोधता फोनची बॅटरी झपाट्याने उतरते, म्हणून एअरप्लेन मोड लावा. तुमच्या सिमच्या कंपनीची रेंज नसली आणि दुसरीची असली, तर ११२ हा आपत्कालीन क्रमांक लागू शकतो. परवानगीशिवाय सॅटेलाइट फोन बाळगणं मात्र आपल्याकडे गुन्हा आहे. कुणी हौसेने दिला तरी नको. माझा भरवसा घरी ठेवलेल्या चिठ्ठीवर जास्त : पाचनईतून चढणार की खिरेश्वरहून, उतरणार कधी, आणि किती वाजेपर्यंत फोन आला नाही तर शोधाशोध सुरू करायची.