मांडीच्या हाडाचा कोड आणि त्यातलं शेवटचं अक्षर

प्रश्न : माझी आई (वय ७१) बाळाच्या बारशासाठी भावाकडे न्यू जर्सीला गेली होती. तिथे बाथरूममध्ये पाय घसरून पडली. उजव्या खुब्याजवळ मांडीचं हाड मोडलं, ऑपरेशन करून रॉड टाकला. आता ती सांगलीला परत आली आहे. तिकडच्या कागदांवर ऑपरेशनच्या वेळी ‘एस७२.१४१ए’ आणि नंतरच्या तपासण्यांना ‘एस७२.१४१डी’ असा कोड आहे. हाड चांगलं जुळतंय असं तिकडचे डॉक्टर म्हणाले होते. मग कागदावर अजून फ्रॅक्चरच कसं? शिवाय इथल्या हॉस्पिटलने तिसराच कोड लिहिलाय. यात काही चूक तर नाही ना?

उत्तर : तुम्ही दिलेल्या माहितीवरून यातला कुठलाच कोड चुकलेला दिसत नाही. पण तुम्ही कागद नीट वाचलेत याचं मला फार बरं वाटलं, कारण त्या शेवटच्या अक्षरात आईच्या पुढच्या काही महिन्यांची काळजी दडलेली आहे.

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून आजारांच्या नोंदीसाठी ‘आयसीडी-१०-सीएम’ ही पद्धत वापरतात. त्यात ‘एस७२’ म्हणजे मांडीच्या हाडाचं फ्रॅक्चर. पुढचे आकडे हाड नेमकं कुठे मोडलं, तुकडे सरकले होते का आणि पाय उजवा की डावा हे सांगतात. ‘१४१’ म्हणजे खुब्याच्या खालच्या उंचवट्यांच्या भागातलं, जागेवरून सरकलेलं, उजव्या बाजूचं फ्रॅक्चर. शेवटी एक अक्षर. उपचार चालू असताना, म्हणजे ऑपरेशन होतं तेव्हा ‘ए’. ते उपचार संपून हाड जुळण्याचा काळ सुरू झाला की ‘डी’. म्हणजे जखम उघडी नव्हती, हा नंतरच्या देखभालीचा टप्पा आहे आणि हाड अपेक्षेप्रमाणे जुळतंय. फ्रॅक्चर कागदावर राहतं, कारण पायाला चालू असलेली सगळी देखभाल त्या फ्रॅक्चरचीच आहे. मधुमेह, रक्तदाब असलेल्यांच्या फाइलवर शेजारी दुसरे कोडही दिसतील, त्याने गोंधळू नका.

‘ए’ म्हणजे पहिली भेट असं बरेच जण समजतात, ते तसं नाही. ऑपरेशनचा निर्णय घेणारे, ऑपरेशन करणारे, मध्येच केस हाती घेऊन उपचार करणारे नवे सर्जन या सगळ्यांच्या नोंदीत ‘ए’ येऊ शकतो. टाके काढणं, एक्स-रे काढून हाड बघणं, फिजिओथेरपी हे मात्र ‘डी’मध्ये जातं.

आता काळजीचा भाग. हाड जुळायला वेळ लागत असेल तर ‘डी’च्या जागी ‘जी’ येतो. जुळलंच नाही तर ‘के’. वाकडं जुळलं तर ‘पी’. (उघड्या जखमेच्या फ्रॅक्चरसाठी वेगळी अक्षरं आहेत.) हाड पूर्ण जुळून गेल्यावर मागे काही त्रास उरला, समजा पाय आखूड राहिला, तर आधी त्या त्रासाचा कोड आणि त्याच्या सोबतीला फ्रॅक्चरचा कोड ‘एस’ लावून लिहितात.

ही अक्षरं ठरवतं कोण? डॉक्टरांनी फाइलवर लिहिलेलं वाक्य. कोड लिहिणारी व्यक्ती आईला कधी भेटलेली नसते. अमेरिकी हॉस्पिटलांचं हे काम करणारी कितीतरी मुलं-मुली पुण्यात, नवी मुंबईत बसलेली असतात. एक्स-रे बघून ‘हाड जुळायला उशीर होतोय’ असं स्वतःच ठरवायचा त्यांना अधिकार नाही, आणि तो नसावाच. डॉक्टरांनी नुसतं ‘रुग्ण बरा आहे’ लिहिलं तर उशिराचा कोड लागणार नाही, हाड प्रत्यक्षात रेंगाळत असलं तरी. म्हणून प्रत्येक तपासणीला डॉक्टरांना सरळ विचारा : आजच्या एक्स-रेत हाड कितपत जुळलंय? मागच्या वेळेपेक्षा पुढे गेलंय का? आणि ते उत्तर फाइलवर लिहून घ्या. संकोच करू नका. हा तुमचा हक्क आहे आणि चांगल्या डॉक्टरला हा प्रश्न आवडतो.

हाड जुळलं हे ओळखायचं कसं? खुब्याजवळच्या अशा फ्रॅक्चरला साधारण तीन ते चार महिने लागतात, मांडीच्या मधल्या भागातल्या फ्रॅक्चरला बऱ्याचदा चार ते सहा. मधल्या भागात समोरून आणि बाजूने असे दोन एक्स-रे काढून हाडाच्या चार कडा बघतात. त्यातल्या तीन कडांवर नवं हाड सांधून आलेलं दिसलं तर आम्ही समाधानी होतो. पण एक्स-रेइतकंच महत्त्व दुखण्याला आहे. वॉकरवर पाय टेकताना आठवड्यागणिक दुखणं कमी होत गेलं पाहिजे. कमी झालेलं दुखणं जांघेत किंवा मांडीत परत वाढलं, लंगडणं वाढलं, पाय आखूड वाटू लागला किंवा पाऊल बाहेरच्या बाजूला वळू लागलं, तर पुढच्या तारखेची वाट बघू नका. पोटरी सुजून दुखू लागली तर त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा. अचानक दम लागला किंवा छातीत दुखलं तर ताबडतोब हॉस्पिटल गाठा. रक्ताची गुठळी फुप्फुसात गेल्याची शक्यता असते. अमेरिकेहून येतानाचा लांबचा विमानप्रवास लक्षात घेता ही खूण घरातल्या सगळ्यांना माहीत असू द्या.

आई मिश्री लावत असेल, तंबाखू खात असेल, तर ते आज बंद करा. निकोटीनमुळे हाडाचा रक्तपुरवठा घटतो आणि जुळणं लांबतं. तेल लावून मोडलेल्या जागी जोरात मालिश करायला कुणी सुचवेल, ते करू नका. गुडघा हलवणं, मांडीचे स्नायू आवळणं, डॉक्टरांनी सांगितलं तितका भार पायावर देणं याने मात्र खरा फरक पडतो. जेवणात डाळ, अंडी, दूध, दही हे रोज हवं. या वयात ऑपरेशननंतर भूक मंदावते आणि त्याकडे कुणाचं लक्ष जात नाही.

मला सगळ्यात जास्त सांगायचंय ते पुढे. बाथरूममध्ये उभ्या उभ्या घसरून पडल्यावर निरोगी हाड सहसा मोडत नाही. ७१ व्या वर्षी ते मोडलं याचा अर्थ हाडं ठिसूळ झाली आहेत असंच धरून चालायला हवं. अमेरिकेच्या कोडिंगच्या नियमातही हे आहे : रुग्णाला हाडांचा ठिसूळपणा आहे हे माहीत असेल आणि निरोगी हाड मोडणार नाही अशा किरकोळ पडण्याने ते मोडलं असेल, तर ‘एस७२’ न लिहिता ‘एम८०’ लिहायचं. उजव्या मांडीच्या हाडासाठी ते ‘एम८०.०५१’, आणि पुढे तेच ‘ए’ किंवा ‘डी’. आईच्या फाइलवर ‘एस७२’ आहे, म्हणजे ठिसूळपणाची नोंद तिथे बहुधा झालीच नाही. घाईच्या ऑपरेशनमध्ये हे होतं, त्यात कुणाला दोष देण्यासारखं काही नाही. पण ‘एस७२’ वाचणाऱ्या पुढच्या डॉक्टरला फक्त एक अपघात दिसतो. ‘एम८०’ वाचणारा हाडांच्या औषधाचं विचारतो.

तेव्हा आता तुम्हीच विचारा. हाडांची घनता मोजणारी डेक्सा तपासणी, व्हिटॅमिन डी, कॅल्शियम आणि किडनीच्या तपासण्या करून औषध सुरू करायला हवं. २००७ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासात खुब्याच्या फ्रॅक्चरच्या ऑपरेशननंतर ९० दिवसांच्या आत झोलेड्रॉनिक ॲसिडचं वार्षिक सलाइन सुरू केलेल्या रुग्णांत नवी फ्रॅक्चर ३५ टक्क्यांनी कमी झाली आणि मृत्यूही २८ टक्क्यांनी घटले. व्हिटॅमिन डी कमी असेल तर ते आधी भरून काढतात. कुठलं औषध द्यायचं हे आईच्या किडनीवर आणि बाकीच्या आजारांवर ठरेल, पण काहीच न देणं मला पटणार नाही. याउलट आई आधीपासून बरीच वर्षं हाडांसाठी आठवड्याची गोळी घेत असेल, तर तेही डॉक्टरांना आवर्जून सांगा. त्या गोळ्यांमुळे क्वचित मांडीच्या हाडाला वेगळ्याच प्रकारचं फ्रॅक्चर होतं आणि मग उपचार बदलतो.

सांगलीतल्या तिसऱ्या कोडचं उत्तर सोपं आहे. आपल्याकडे जागतिक आरोग्य संघटनेची मूळ ‘आयसीडी-१०’ पद्धत वापरतात. तिच्यात ‘ए’, ‘डी’ अशी शेवटची अक्षरं नाहीत. फ्रॅक्चरवरच्या उपचारानंतरच्या तपासणीला ‘झेड०९.४’ लिहितात, रॉड काढायला आल्यास ‘झेड४७.०’. अमेरिकेत मात्र दुखापतीच्या नंतरच्या देखभालीला ‘झेड’चा कोड वापरू नये असा नियम आहे. मूळ पद्धतीच्या कोडमध्ये उजवा-डावा पायही नसतो. म्हणून इथल्या प्रत्येक चिठ्ठीवर ‘उजवं मांडीचं हाड’, ऑपरेशनची तारीख आणि ‘त्याच फ्रॅक्चरची पुढची तपासणी’ हे शब्दांत लिहून घ्या. कुणाची इथली आरोग्य विमा पॉलिसी असेल, तर डिस्चार्जनंतरचा ठरावीक दिवसांचा खर्च मिळतो, अनेक पॉलिसींत ६० दिवसांचा, पण तो त्याच आजाराचा आहे हे कागदावरून दिसावं लागतं.

भावालाही एक सांगा. अमेरिकेत मेडिकेअर या ज्येष्ठांच्या सरकारी आरोग्य विमा योजनेच्या नियमाने मोठ्या ऑपरेशननंतर ९० दिवसांपर्यंतच्या सर्जनच्या नेहमीच्या तपासण्या ऑपरेशनच्या फीमध्येच धरलेल्या असतात, आणि अनेक विमा कंपन्या तोच नियम पाळतात. एक्स-रे आणि फिजिओथेरपीचं बिल वेगळं येतं. सर्जनच्या भेटीचं बिल स्वतंत्र आलं असेल तर भरण्याआधी विचारणा करायची. आणि ऑपरेशनची टिपणं, रॉडच्या कंपनीचं स्टिकर आणि एक्स-रेची सीडी तिकडून मागवून घ्यायची. रॉड कधी काढावा लागला तर इथल्या सर्जनला त्या कंपनीची अवजारं शोधावी लागतात.