करवंदाची जेली : रानमेव्याचा एक अभ्यास

वसतिगृहातील मुले उन्हाळ्याच्या सुट्टीत गावी परततात, त्याच सुमारास सह्याद्रीच्या उतारांवर करवंदे पिकू लागतात. पानांच्या द्रोणातून विकली जाणारी ही ‘डोंगरची काळी मैना’ आपल्या सर्वांच्या परिचयाची आहे. आतून लाल निघाले तर कोंबडा आणि पांढरट निघाले तर कोंबडी, हा खेळ न खेळलेला पालक विरळाच. परंतु पिकलेले करवंद फार टिकत नाही. दोन-तीन दिवसांत ते मऊ पडते व आंबू लागते. म्हणून पहाटेपासून काट्यांतून फळे वेचणाऱ्या स्त्रीला संध्याकाळपर्यंत पाटी रिकामी करावीच लागते, मग भाव कोणताही मिळो. तिच्या श्रमाचे मोल फळाच्या नाशवंतपणावर ठरते. हे फळ टिकवण्याची एक विद्या म्हणजे जेली. तिच्यासाठी एक चूल, एक पातेले आणि थोडे शास्त्र पुरेसे आहे.

रस गोठतो कसा, हे प्रथम समजून घेऊ. फळांच्या पेशीभित्तिकांत पेक्टिन नावाचा पदार्थ असतो. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ आंरी ब्राकोनो यांनी १८२५ मध्ये तो वेगळा करून त्याला ‘गोठलेले’ या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून नाव दिले. रसात पेक्टिनचे धागे एकमेकांपासून दूर राहतात. आम्लामुळे त्यांच्यातील दुरावा कमी होतो, साखर भोवतालचे पाणी ओढून घेते आणि धाग्यांचे जाळे विणले जाते. त्या जाळ्यात रस अडकतो, तीच जेली. पेरूच्या जेलीत लिंबाचा रस घालावा लागतो. करवंदाला आम्ल निसर्गानेच दिलेले आहे.

फळ जसजसे पिकते, तसतसे त्यातील पेक्टिनचे विघटन होते. म्हणून केवळ काळीभोर करवंदे घेतल्यास रंग व स्वाद उत्तम येतो, पण रस नीट गोठत नाही. तीन भाग पिकलेली आणि एक भाग लालसर, अर्धकच्ची फळे घ्यावीत. वेचताना एक पथ्य अवश्य पाळावे. करवंद हे कण्हेरीच्या कुळातील आहे आणि कण्हेर विषारी आहे. तेव्हा खात्रीने ओळखता येत नाही असे कोणतेही रानफळ तोडू नये. मुलांनी जाणत्या माणसासोबतच जावे.

आता कृती पाहू. एक किलो करवंदे देठ काढून दोन-तीन पाण्यांनी धुवावीत, म्हणजे चीक निघून जातो. स्टीलच्या पातेल्यात फळे बुडतील एवढेच पाणी घालून ती २० ते २५ मिनिटे मंद आचेवर शिजवावीत आणि डावाने हलकेच ठेचावीत. आंबट रसाची धातूशी क्रिया होते, म्हणून तांब्याचे वा अॅल्युमिनियमचे भांडे वापरू नये. नंतर सर्व मिश्रण ओल्या मलमलीच्या फडक्यात बांधून रात्रभर टांगून ठेवावे. फडके पिळण्याचा मोह टाळावा. पिळल्यास गर उतरतो आणि जेली गढूळ होते.

सकाळी रस मापून घ्यावा. एक लिटर रसास पाऊण किलो साखर घालून ती मंद आचेवर पूर्ण विरघळवावी. मग आच मोठी करून, फेस काढीत मिश्रण उकळावे. पाण्याच्या उत्कलनबिंदूहून तापमान सुमारे ५ अंश सेल्सिअस वर गेले की जेली तयार झाली असे समजावे. समुद्रकाठी हा आकडा १०५ येतो. पण दर ३०० मीटर उंचीला उत्कलनबिंदू साधारण एका अंशाने उतरतो. म्हणून घाटमाथ्यावर राहणाऱ्यांनी आधी आपल्या गावचे उकळते पाणी मोजावे आणि त्यात ५ मिळवावेत. तापमापक नसेल तर थंड बशीवर एक थेंब टाकावा. क्षणभराने बोटाने सरकवल्यावर त्यावर सुरकुती पडली की पातेले उतरवावे. उकळून निर्जंतुक केलेल्या कोरड्या काचेच्या बाटल्यांत जेली गरम असतानाच भरावी, झाकण घट्ट लावावे आणि ती गोठेपर्यंत बाटल्या हलवू नयेत.

जेली बिघडली तर कारण शोधता येते. ती पातळ राहिली, तर फळे अतिपक्व होती किंवा उकळणे अपुरे पडले. फार वेळ उकळल्यानेही पेक्टिन मोडते आणि हाती पाकच उरतो. खडे धरले, तर साखर जास्त झाली. म्हणून एका वेळी थोडाच रस घ्यावा.

२००६ च्या वनहक्क कायद्याने जंगलात राहणाऱ्या पात्र समूहांना परंपरेने गोळा केल्या जाणाऱ्या गौण वनोपजावर हक्क दिला आहे. हक्कासोबत जबाबदारीही येते. फांद्या मोडू नयेत. प्रत्येक जाळीवर काही फळे पाखरांसाठी सोडावीत, कारण बी दूरवर नेऊन टाकणारे तेच आहेत. आणि वेचणाऱ्यांकडून करवंदे विकत घेताना घासाघीस करू नये. ज्या घरी ही विद्या पोहोचेल, त्या घरच्या पाटीतील उरलेले फळ संध्याकाळी फेकले जाणार नाही. ते बाटलीत राहील आणि योग्य भावाची वाट पाहू शकेल. येत्या सुट्टीत मुलांनी आपल्या आईसोबत एक किलो करवंदांपासून आरंभ करावा, एवढीच आमची विनंती आहे.